चिनी अभिनेत्री छिन यी : एकपात्री लिहून राह्यली, माहिती अन् सल्ला पाहिजे

धानपट्टीची_नाटकवाली :

नमस्कार जी सगळ्याइले. मी अर्जुनी मोरगावच्या बाजूची, झाडीपट्टीत नाटकात काम करते. होळी झाली, सीझन संपला, म्हणून आता हातात वेळ आहे अन् एक एकपात्री लिहाले घेतली, चाळीसेक मिनिटांची. आमच्याकडं बाईची एकपात्री म्हटली का जिजाऊ, सावित्रीबाई, रमाई, अहिल्याबाई. मीबी केल्या आहेत अन् पुढंही करीन, पन या खेपेला मले एका नटीवर कराची आहे अन् ती नटी चीनची आहे, छिन यी तिचं नाव.

मोबाईलवर एक जुना चिनी पिक्चर पाहिला मी, 1957 चा, बायकांच्या बास्केटबॉल टीमचा, पाच नंबरची खेळाडू अशा अर्थाचं नाव आहे. हिरोईन त्याच्यात खेळाडू पोरगी आहे, पन माझं लक्ष सारं तिच्या मायकडंच. ती माय बोलते कमी, रडते त्याहून कमी, अन् जुना मानूस इतक्या वर्सांनी समोर येते तेव्हा निस्ता उभ्या उभ्या सीन खाऊन टाकते. मंग शोधलं तर कळलं का ही बाई 1922 ची, वारली 2022 मध्ये, शंभर वर्सं पुरी करून, अन् नव्वदीच्या पुढंही पिक्चरमध्ये काम करत होती. अन् घरी पोरगा होता, मनाच्या आजाराचा, त्याले तिनं तो जिवंत होता तोवर सांभाळलं.

आता अडचन अशी का जे सापडते ते इंग्रजीत नाहीतर चिनीत, अन् अर्ध्या ठिकानी "चीनची सर्वात सुंदर बाई" एवढंच लिहून सोडलेलं. सुंदर होती हे फोटोत दिसूनच राह्यलं, पन शंभर वर्सांच्या बाईचं तेवढंच सांगाचं का? मले तिचं काम पाहिजे. कशी शिकली, कोनते रोल केले, मधातले वर्सं कुठं गेले. दुसरं म्हनजे पोराचा भाग स्टेजवर कसा दाखवाचा हे समजत नाही. अन् आमचा नाटक लिहिणारा दादा म्हनते का गावातला मानूस चीनच्या नटीले काऊन पाहीन, त्याले काय सांगू? ज्याइले माहीत आहे त्याइनं सविस्तर लिहा जी, लांब झालं तरी वाचतो.

अमरावतीचा_पडदा :

ताई, विषय लय भारी घेतला. आम्ही इकडे काही मित्र मिळून जुने परदेशी पिक्चर दाखवत असतो कॉलेजात, त्यात चिनी पिक्चरचा एक महिना केला होता तेव्हा हिचे तीन-चार पाहिले, म्हणून लिहितो.

छिन यी शांघायची, मोठ्या जुन्या वळणाच्या घरातली. 1938 मध्ये म्हणजे सोळा वर्षांची असताना घरच्यांना सोडून निघाली, कारण जपानने शांघाय घेतलं होतं अन् तिला युद्धात काहीतरी काम करायचं होतं. आधी वुहान, मग चोंगछिंग. चोंगछिंग ही तेव्हाची युद्धकाळातली राजधानी, डोंगरातलं शहर. तिथं इंग युनवेइ अन् शी तुंगशान या दिग्दर्शकांच्या नजरेत आली अन् स्टुडिओत शिकाऊ नटी म्हणून लागली. सुरुवातीला किरकोळ कामं, मग खरं शिक्षण झालं ते नाटकात.

आता हे तुम्ही खास लक्षात घ्या, कारण तुमच्या कामाचं आहे. चोंगछिंगवर जपानी विमानं सतत बॉम्ब टाकत, पण हिवाळ्यात तिथं इतकं धुकं पडते की विमानाला खालचं काही दिसत नाही. म्हणून साधारण ऑक्टोबर ते मे हा नाटकाचा सीझन ठरला, त्याला धुक्याच्या हंगामातले प्रयोगच म्हणत. बाहेर धुकं आहे म्हणजे आज खेळ होणार. धान निघाल्यावर थंडीत रात्रभर नाटक बघणाऱ्या माणसाला यात समजावून सांगण्यासारखं काहीच नाही, तुमच्या लेखकदादाला एवढं सांगा. त्या काळात तिथल्या रंगभूमीवर चार मोठ्या नट्या मोजत, पाय यांग, चांग रुइफांग, शू शिउवेन अन् चौथी छिन यी, चौघीत वयाने सर्वात लहान ही.

त्याच काळात पहिलं लग्न झालं, नवरा नट होता, दारूच्या नादी लागलेला, एक मुलगी झाली अन् शेवटी सोडचिठ्ठी. युद्ध संपल्यावर शांघायला परत. 1947 मध्ये 'दूरचं प्रेम' अशा अर्थाचा पिक्चर आला, त्यात ती मोलकरीण आहे, एक प्रोफेसर तिला शिकवून शहाणी करायला निघतो अन् शेवटी ती त्याच्या कितीतरी पुढे निघून जाते. माझ्या मते हिचं तरुणपणचं सर्वात चांगलं काम हेच. त्याच वर्षी तिने जिन येनशी लग्न केलं. हा माणूस म्हणजे तिशीच्या दशकातला चीनचा सर्वात मोठा हिरो, जन्माने कोरियन, सोलचा, वाचकांनी मत देऊन त्याला पिक्चरचा सम्राट म्हणून निवडलं होतं.

1949 नंतर ती शांघाय फिल्म स्टुडिओत. अन् इथं एक गोष्ट दिसते जी मला तुमच्या एकपात्रीचा कणा वाटते : एवढी नावाजलेली, एवढी देखणी, पण मोठा मुख्य रोल तिच्या वाट्याला कमीच आला. 1956 च्या रेल्वेवर गनिमी काव्याने लढणाऱ्यांच्या पिक्चरमध्ये ती गावातली बाई, लढणाऱ्यांना आसरा देणारी. 1957 चा तुम्ही पाहिला तो, शिये जिन दिग्दर्शक, तेव्हा ती पस्तीसची होती अन् अठरा वर्षांच्या पोरीची माय झाली. त्यातली जुनी कथा बघा, टीमच्या मालकाने पैसे खाल्लेले असतात अन् परदेशी खलाशांसमोर हरा म्हणून सांगितलेलं असते, हिचा प्रियकर ऐकत नाही, जिंकतो अन् मार खातो. 1959 ला 'तारुण्याचं गाणं' या अर्थाचा पिक्चर, त्यात हिरोईन दुसरीच, शिये फांग. छिन यी फक्त तुरुंगातल्या सीनमध्ये, मरणाच्या शिक्षेला नेली जाणारी क्रांतिकारक बाई, काही मिनिटांचं काम. पण तो पिक्चर ज्यांनी पाहिला त्यांना ती कोठडी आठवते. केसावरून हात फिरवते, कपडे नीट करते अन् निघते, आवाज चढवत नाही.

त्या पिक्चरच्या दोन दिग्दर्शकांपैकी एक चेन ह्वायखाय. त्यांचा मुलगा चेन काइगे पुढे जगभर गाजला, अन् त्याने 2017 मध्ये आपल्या पिक्चरमध्ये पांढऱ्या केसांच्या राजवाड्यातल्या म्हाताऱ्या दासीचं छोटं काम दिलं कोणाला, तर छिन यीला. बापाच्या पिक्चरमध्ये सदतीसची, पोराच्या पिक्चरमध्ये पंचाण्णवची. दोन्ही वेळा छोटंच काम.

मधातल्या काळाबद्दल खाली कोणी लिहिलं तर बरं, माझं जेवण थंड होऊन राह्यलं.

इतवारीचा_वाचक :

वरच्या भाऊंनी चोंगछिंग सांगितलं म्हणून राहवलं नाही. गावातला माणूस चीनच्या नटीला काऊन पाहील हे विचारलं ना, तर ऐका.

1938 मध्येच काँग्रेसने पाच भारतीय डॉक्टर चीनला पाठवले होते, जपानशी लढणाऱ्या चिनी लोकांच्या मदतीला. डॉ. अटल, डॉ. चोळकर, डॉ. बसू, डॉ. मुखर्जी अन् डॉ. कोटणीस. कोटणीस सोलापूरचे हे सर्वांना माहीत आहे, व्ही. शांतारामांनी 1946 मध्ये त्यांच्यावर पिक्चर काढला म्हणून. पण चोळकर आपल्या नागपूरचे होते हे नागपुरात दहा माणसाले विचारलं तर एकाले माहीत नसते. त्या पाचांत ते वयाने मोठे होते, तरीही गेले. सप्टेंबर 1938 ला मुंबईहून बोट, मग कँटन, तिथून हँकाऊ म्हणजे वुहान, वुहान पडायच्या बेतात आल्यावर मागे सरकत चोंगछिंग, अन् 1939 च्या सुरुवातीला येनान, चिनी कम्युनिस्टांचं ठाणं.

आता ताई, सोळा वर्षांच्या छिन यीचा रस्ता बघा. शांघाय, वुहान, चोंगछिंग, तेच 1938. त्यांची भेट झाली असं मी म्हणत नाही, तसं बिलकुल लिहू नका, पण ज्या निर्वासितांच्या लोंढ्यातून ती पोरगी चालली होती त्याच लोंढ्यातल्या जखमी लोकाइले नागपूरचा एक डॉक्टर पट्ट्या बांधत होता, हे सांगितलं तर तुमच्या मंडपातला माणूस कान देईल. कोटणीस तिकडेच राहिले, कुओ छिंगलान या नर्सशी लग्न केलं, पोरगा झाला अन् 9 डिसेंबर 1942 ला बत्तीसाव्या वर्षी गेले. चोळकर वापस आले. मला कायम वाटत आलं आहे की वापस येणाऱ्यावर कोणी पिक्चर काढत नाही, अन् याचं मला वाईट वाटते.

अन् उलट बाजूनेही नातं आहेच. 1955 मध्ये चीनमध्ये भारतीय पिक्चर दाखवले गेले, 'आवारा' अन् 'दो बिघा जमीन' त्यात होते, आवाराचं गाणं तिकडच्या जुन्या लोकांच्या तोंडी अजून आहे. दो बिघा जमीनचा शंभू कर्जापायी शहरात रिक्षा ओढतो ते यवतमाळच्या शेतकऱ्याले अन् चीनच्या शेतकऱ्याले सारखंच समजते.

कुरखेड्याची_ताई :

मी नाटकातली नाही. मले फक्त पोराच्या भागाबद्दल लिहायचं आहे, कारण माझा सख्खा भाऊ याच आजाराचा आहे, स्किझोफ्रेनिया. घरी मीच पाहते त्याले.

तुमची पोस्ट वाचून मी त्या बाईबद्दल सापडलं ते सारं वाचलं, भाषांतर लावून लावून. पोराचं नाव जिन जिये, 1948 चा, हुशार होता, चित्रं काढे. सोळा-सतरा वर्सांचा असताना आजार निघाला. त्याच दशकात नवऱ्याचं पोटाचं ऑपरेशन बिघडलं तर तो कायमचा आजारी, तो 1983 ला गेला. तिले स्वतःले आतड्याचा कॅन्सर झाला अन् त्यातून ती निघाली. म्हनजे एकाच घरात तीन आजारी मानसं अन् त्यातली एक कमावनारी. पोराले झटका आला का तो मायलेच मारे. तिनं स्वतः सांगितलं आहे का तेव्हा ती त्याले विनवे, बाबा तोंडावर नको मारू, उद्या माले शूटिंग आहे.

आता तुम्हाले माझी कळकळीची विनंती आहे जी, हा सीन स्टेजवर मारझोड करून दाखवू नका. लोक पोराले राक्षस समजतीन. आमच्या गावात लोक असंच समजतात, लागीर आहे म्हनतात, अंगारा आना, कोंबडा कापा म्हनतात, आमच्या मायनं तेही सारं केलं आधी, अन् त्यात जे वर्सं गेले ते वापस येत नाहीत. मंग कोनीतरी नागपूरच्या मनोरुग्णालयात न्या म्हटलं, आता जिल्ह्याच्या दवाखान्यातूनच गोळ्या भेटतात. गोळ्या चालू असल्या का माझा भाऊ गाईचं सारं करते, दूध काढते, बोलते. मारनं हा आजाराचा थोडासा भाग आहे, बाकी सारा दिवस त्याले जेवू घालनं, आंघोळीले उठवनं, गोळी तोंडात राह्यली का गिळली पाहनं, हेच असते. तेच दाखवा. ती बाईसुद्धा त्याले सोबत घेऊन फिरे, परगावी शूटिंगले गेली तरी नेई, मोठेपनी त्याची दाढी स्वतः करून दे. चित्रं काढाले तिनंच पुन्हा लावलं त्याले. त्याचं एक चित्र विशेष मुलांच्या ऑलिम्पिकसाठी लिलावात ठेवलं तर अर्नोल्ड श्वार्झनेगरनं 25 हजार डॉलरले घेतलं, बॉडीबिल्डर हिरो तोच. ती किती खुश झाली असंन याचा मी अंदाज करू शकते, कारण भावानं पहिल्या वेळी बाजारातून बरोबर हिशेबानं सामान आनलं तेव्हा मी गल्लीभर सांगत फिरली होती.

पोरगा 2007 ला गेला, 59 वर्सांचा होऊन. ती तेव्हा पंच्याऐंशीची. पुढच्या वर्षी सिचुआनचा मोठा भूकंप झाला तेव्हा तिनं दोन लाख युआन देऊन टाकले, पोराच्या पुढच्या सोयीसाठी जमवलेल्या पैशातले. माझ्यासारख्या घरात रात्री हाच एक प्रश्न असते का मी गेल्यावर याचं कोन करन. तिले तो प्रश्न उरला नाही तर तिनं पैसे दिले. तुमच्या एकपात्रीत दुसरं काही कमी पडलं तरी चालन, पन हे असू द्या.

अन् शेवटी जमलं तर टेली मानस या मनाच्या आजाराच्या सरकारी हेल्पलाइनचा 14416 नंबर स्टेजवरून सांगा. फुकट आहे, मराठीत बोलतात, नाटकाले आलेल्या दहा घरातल्या एका घराले तरी लागतेच.

मूल_मारोडा :

सर्व छान आहे पण एक बाजू कोणी लिहिली नाही म्हणून लिहितो. तिचे बरेच पिक्चर सरकारी स्टुडिओचे, कम्युनिस्ट पक्षाच्या विचाराचे आहेत, त्या काळात तिकडे दुसरा मार्गच नव्हता. 2019 ला चीनच्या सरकारने सत्तराव्या वर्षानिमित्त तिला जनतेची कलाकार हा सर्वात मोठा मान दिला, तिच्यासोबत लेखक वांग मंग अन् गायिका कुओ लानयिंग. हा मान खरा आहेच. पण त्याच व्यवस्थेने 1966 नंतरच्या सांस्कृतिक क्रांतीत, म्हणजे माओने सुरू केलेल्या उलथापालथीत, तिला अन् जिन येनला कामावरून काढून मजुरीच्या छावण्यांत पाठवलं होतं. पिक्चर काढणंच जवळजवळ बंद पडलं होतं. म्हणजे चव्वेचाळीस ते पन्नाशी, नटीचे पिकलेले वर्षं, खड्ड्यात गेले, अन् आजारी पोरगा वेगळा, नवरा वेगळा. ताई, तुम्ही मधातले वर्षं कुठं गेले विचारलं त्याचं उत्तर हे आहे. हे गाळून निस्ती त्यागमूर्ती उभी केली तर तिच्यावर अन्याय होईल. तिने सोसलं ते नशिबाने आलेलं नव्हतं सारं, काही माणसांनी ठरवून केलेलं होतं.

गावात सांस्कृतिक क्रांती समजावत बसू नका. एक सीन करा : काल ज्या पोरांनी सही मागितली तेच आज भिंतीवर तिच्या नावाने शिव्या लिहितात. नट लोकांच्या बाबतीत तेव्हा हेच झालं. कोणालाही समजेल.

अमरावतीचा_पडदा :

मारोडावाले भाऊ, पूर्ण सहमत. त्यात एवढंच जोडतो की परतल्यावर ती कडवट झाली नाही, कामाला लागली. 1982 ला टीव्हीवर 'शांघायच्या छपराखाली' या जुन्या नाटकाची मालिका केली अन् टीव्हीचं मोठं बक्षीस घेतलं, तेव्हा साठीची होती. अन् नव्वदीनंतर छिंगहाय-तिबेट रेल्वे बांधणाऱ्यांच्या काळावर स्वतः पटकथा लिहिली, हवामान इंजिनियर बाईचा मुख्य रोल स्वतः केला, साडेतीन हजार मीटरच्या वरच्या पठारावर, जिथं धडधाकट पोरांनाही धाप लागते. जास्त करून दुसऱ्याच्या पिक्चरमध्ये माय, शेजारीण, कैदी झालेल्या बाईने असा मुख्य रोल घेतला तो त्र्याण्णवाव्या वर्षाच्या आसपास, अन् तोही स्वतः लिहून. ताई, मी तुमच्या जागी असतो तर एकपात्रीची सुरुवात या पठारावरून केली असती.

धानपट्टीची_नाटकवाली :

सगळ्याइचे खूप आभार जी. दोनदा वाचलं सारं, कुरखेड्याच्या ताईचं तर आमच्या मायले वाचून दाखवलं. मायही नाटकातलीच, आता म्हाताऱ्या सासूचे रोल करते. ती म्हने का मुख्य रोलवाली नटी पोस्टरवर असते, पन कंपनी चालते ते दुसऱ्या बायाइच्या भरवशावर, अन् हे कोनी लिहीत नाही तर तू लिही.

तर माझं असं ठरलं. सुरुवात पठारावरून नाही करत, अमरावतीचे दादा रागावू नका, कारण आमच्याकडं पहिल्या पाच मिनिटांत लोक अजून जागा पकडत असतात अन् तो सीन वाया जाईन. सुरुवात धुक्यातून, चोंगछिंगच्या नाटकातून. विमानाचा आवाज नाही म्हनजे खेळ सुरू करा, असं विंगेतून कोनी ओरडते अन् ती तोंडाले रंग लावत बोलाले लागते. आमच्या लोकाइले थंडी अन् रंग दोन्ही माहीत आहे. चोळकर डॉक्टरांचे दोनच वाक्यं टाकते, भेट झाली असं अजिबात नाही लिहीत. मंग तुरुंगातला सीन पूर्ण करून दाखवते, कारण तो छोटा रोल मोठा कसा होते हे करूनच दाखवता येते. मधातल्या वर्सांसाठी भिंतीचा सीन घेतला.

पोराच्या भागात दाढीचा सीन ठेवते. खुर्ची रिकामी, मी रेझर घेऊन त्याच्या गालावर फिरवून राह्यली अन् बोलून राह्यली, उद्याचं शूटिंग, गोळी घेतली का, चित्राचा रंग संपला का. विनवनीचं ते वाक्य एकदाच, बोलता बोलता, आवाज न चढवता. ताई, तुम्ही तालीम पाहाले याल का? गाडीभाड्याचं मी पाहते. चुकून राह्यली तर तुम्हीच सांगाल मले. अन् 14416 बोर्डावर लिहून मंडपाच्या दारातच लावू म्हटलं.

एकच प्रश्न उरला, कपडे. चिनी कॉलरचा लांब झगा असते त्यांचा जुन्या काळातला, तो कोनाकडून शिवू? इकडच्या टेलरले फोटो दाखवला तर तो म्हनते पंजाबी ड्रेससारखं करून देतो.

इतवारीचा_वाचक :

तो झगा म्हणजे छीपाव. पंजाबी ड्रेससारखा बिलकुल शिवू देऊ नका, त्याची बाही अन् कॉलर वेगळी असते अन् बंद उजव्या बाजूने तिरपे येतात. नागपुरात इतवारीकडे नाटकाचे कपडे भाड्याने देणारे आहेत, तिथं विचारून पाहतो, नाहीच भेटला तर माझी वहिनी कटिंग शिकवते, माप पाठवा. पण 1949 नंतरच्या सीनमध्ये तो घालू नका, तेव्हा साधा निळा कोट-पँट चाले बायाइलेही. तो तर तुमच्या टेलरलेही जमेल.

कुरखेड्याची_ताई :

येते जी तालमीले. भावाले सोबत आनावं लागन, चालन ना? त्याले नाटक आवडते, समोर बसवा लागते फक्त.

धानपट्टीची_नाटकवाली :

चालन म्हनजे काय ताई, आनाच. तालीम आमच्या घरच्या खळ्यातच आहे, संध्याकाळी सहाच्या नंतर. तारीख ठरली का इथंच टाकते.